बायबल समजून घ्यायला आणि त्याची बाजू मांडायला कोणती पुस्तकं घ्यावीत?

पाखाडी (वेंगुर्ला)

नमस्कार मंडळी,

आमच्या चर्चच्या हॉलमधलं पुस्तकांचं कपाट नव्याने लावायचं ठरलंय. फादरनी त्यासाठी थोडे पैसे बाजूला ठेवलेत आणि यादी करायचं काम माझ्याकडे आलंय. रविवारी मिस्सानंतर दहावी-बारावीच्या मुलांचा धर्मशिक्षणाचा वर्ग मी घेतो, त्यामुळे यादी कुणासाठी करायची ते मला पक्कं ठाऊक आहे.

कपाटात सध्या आहेत ती बहुतेक इंग्रजी, कुणी ना कुणी परदेशातून परतताना आणलेली, पावसाळ्यात पुठ्ठे सुटलेली. त्यात बायबलची बाजू लढवणारी पुस्तकं भरपूर आणि बायबल समजावून सांगणारी अगदी मोजकी.

वर्गात मी एक वही ठेवली आहे. नाव न घालता प्रश्न लिहायचा. त्यातले काही जसेच्या तसे देतो:

"मूळ बायबल नंतर बदललं असं मित्र म्हणतो. खरं का?"

"चार शुभवर्तमानं कशाला? एकच का नाही?"

"यहोशवाच्या पुस्तकात पोराबाळांसकट सगळ्यांना मारलं. येशू ज्याला बाप म्हणतो तोच हा देव का?"

"आत्या नव्या प्रार्थनामंडळात जाते. तिथे सांगतात, आपल्या बायबलात सात पुस्तकं घुसवलेली आहेत."

"शेजारच्या काकी विचारतात, तुमचा देव एवढा दयाळू, तर एकाच वाटेचा हट्ट का?"

आता या वहीशेजारी कपाटातली पुस्तकं ठेवून बघा. जोश मॅकडॉवेल यांचं 'एव्हिडन्स दॅट डिमांड्स अ व्हर्डिक्ट' १९७२ साली अमेरिकेतल्या कॉलेजच्या मुलांसमोर ठेवायच्या टिपणांतून आलं. सी. एस. लूईस यांचं 'मिअर ख्रिश्चॅनिटी' म्हणजे दुसऱ्या महायुद्धात बीबीसीवर दिलेली भाषणं, १९५२ साली एकत्र छापलेली. दोन्ही मला आवडतात. पण लूईस बायबलच्या विश्वासार्हतेवर बोलतच नाहीत, तो त्यांचा विषयच नव्हता. मॅकडॉवेल पहिल्या प्रश्नाला भरपूर माल पुरवतात. शेवटच्या दोन प्रश्नांना दोघांकडेही आपल्याला पुरेल असं फारसं काही नाही, कारण त्यांच्या वाचकाच्या शेजारी आपल्या काकी राहत नव्हत्या.

मला वाटतं, आपण क्रमच उलटा लावतो. मुलाकडून उत्तर आधी पाठ करून घेतो, आणि मूळ पुस्तक काय म्हणतंय ते नंतर, वेळ उरला तर. मग समोरच्याने एक प्रश्न पुढचा विचारला की पोर गप्प होतं. त्याला वाटतं, बायबलच हरलं. खरं तर तिथपर्यंत बायबल उघडलेलंच नसतं.

एक प्रसंग सांगतो. एका मुलीने मोबाइलवर आलेली 'बायबलमधल्या विसंगती' अशी यादी दाखवली. त्यात दावीद राजाची शिरगणती होती. २ शमुवेल २४ म्हणतं, परमेश्वराच्या कोपाने दाविदाला शिरगणतीची बुद्धी झाली. १ इतिहास २१ म्हणतं, सैतानाने चिथावलं. एकीकडे इस्राएलचे आठ लाख आणि यहूदाचे पाच लाख योद्धे, दुसरीकडे अकरा लाख आणि चार लाख सत्तर हजार. शेवटी दावीद वेदीसाठी जे खळं विकत घेतो, त्याचा मोबदला एकात पन्नास शेकेल रुपं आणि दुसऱ्यात सहाशे शेकेल सोनं.

मी उत्तर सांगितलं नाही. फळ्यावर दोन रकाने आखले आणि दोन्ही अध्याय मुलांकडूनच भरून घेतले. बऱ्याच वेळाने मागच्या बाकावरचा एकजण म्हणाला, "सर, दुसऱ्यात लगेच पुढे मंदिराचं आलंय. पहिल्यात नाही." अगदी तेच. 'इतिहास' लिहिणारा बाबेलच्या (बॅबिलोनच्या) बंदिवासानंतरचा. त्याचे वाचक परत आलेले लोक, आणि त्यांच्यासाठी मंदिराची जागा म्हणजे सगळं काही. त्याच्या दृष्टीने ते नुसतं खळं राहत नाही. वाईट गोष्ट थेट देवाच्या नावावर घालायलाही तोपर्यंत लोक कचरू लागले होते. आकडे का वेगळे, हा प्रश्न एवढ्याने मिटला नाही, पण मुलांना तो विचारायचा कसा ते कळलं. त्या दिवशी कुणीही बायबलचा 'बचाव' केला नाही, आणि मुलं घाबरली नाहीत.

असं वाचायला शिकवणारी पुस्तकं मला हवी आहेत, मराठीत असतील तर फारच उत्तम. बाजू मांडणारीही हवीत, पण निवडून. कॅथलिक, प्रॉटेस्टंट, आणि इथले इतर धर्मांचे वाचकही, सगळ्यांनी मोकळेपणाने सुचवा.

---

सड्यावरची (रत्नागिरी)

पाखाडी, फळ्यावरच्या दोन रकान्यांसाठी मनापासून धन्यवाद. मी प्रॉटेस्टंट मंडळीतली, शाळेतून निवृत्त झालेली. मुलींच्या बायबल अभ्यासाचा गट चालवते.

तुम्ही म्हणता त्या कामाचं पहिलं पुस्तक माझ्या मते गॉर्डन फी आणि डग्लस स्टुअर्ट यांचं 'हाउ टू रीड द बायबल फॉर ऑल इट्स वर्थ'. १९८० च्या दशकाच्या सुरुवातीचं, नंतर सुधारून अनेकदा निघालं. स्तोत्र वेगळं वाचायचं, पत्र वेगळं, दाखला वेगळा, नियमशास्त्र वेगळं, प्रकटीकरण तर अगदीच वेगळं, आणि प्रत्येकाला एकेक प्रकरण. पत्रांच्या प्रकरणात ते एक साधी सवय लावतात: पौलाचं छोटं पत्र एका बैठकीत सुरुवातीपासून शेवटपर्यंत वाचा आणि मग विचारा, हे कुणाला लिहिलं, तिथे काय घडलं होतं. आपण रोज एक वचन उचलतो, कॅलेंडरवर असतं तसं, आणि त्याच्या मागचं-पुढचं कधी बघतच नाही. माझ्या गटातल्या मुलींनी फिलिप्पैकरांस पत्र असं सलग वाचलं, तेव्हा 'मला सामर्थ्य देणाऱ्याच्या योगे मी सर्व काही करू शकतो' हे वचन तुरुंगातला माणूस उपासमार आणि भरलं पोट या दोन्हींबद्दल लिहितोय, हे त्यांना पहिल्यांदा दिसलं. परीक्षेच्या आदल्या दिवशी पाठवायचं ते वचन नव्हेच.

बाजू मांडणाऱ्यांत एफ. एफ. ब्रूस यांचं नव्या कराराच्या कागदपत्रांवरचं पुस्तक घ्या, 'द न्यू टेस्टमेंट डॉक्युमेंट्स: आर दे रिलायबल?' १९४३ चं, पातळसं, आवाज न चढवणारं. ब्रूस मुळात ग्रीकचे अध्यापक. जुन्या ग्रंथांकडे जसं बघायचं तसंच ते शुभवर्तमानांकडे बघतात.

आणि तुमच्या शेवटच्या प्रश्नांसाठी २०१५ चं 'साउथ एशिया बायबल कॉमेंटरी'. एका खंडात संपूर्ण बायबल, लिहिणारे आपल्याच भागातले अभ्यासक. जात, शेजारधर्म, पूर्वज, गरिबी हे विषय त्यात पाहुण्यासारखे येत नाहीत. किंमत जास्त आहे, पण चर्चच्या कपाटात असलं पुस्तक एक असलं तरी पुरतं.

---

खाडीकाठ (मालवण)

माका इंग्रजी पुस्तकांतला काय्येक समजाचा नाय. माझो झील कोल्हापुराक शिकाक आसा. सुट्टीत येता तेव्हा जेवताना इचारता, "आये, ह्या खरा कशावरना?" मी सांगतंय, फादराक इचार. पण आवशीक इचारलेल्या प्रश्नाचा उत्तर आवशीनच देवक होया, असा माका वाटता. मराठीत, सोप्या भाषेत काय आसा तर सांगा. जाडा नको. रातची भांडी घासून झाली काय थोडो येळ मेळता, तेवढ्यात वाचून होयत असा.

---

बावखल (वसई)

खाडीकाठ ताई, तुमच्यासाठी आधी. आमच्या वसईचे फादर फ्रान्सिस दिब्रिटो यांचं 'सुबोध बायबल' आहे. २०२० च्या उस्मानाबादच्या मराठी साहित्य संमेलनाचे अध्यक्ष तेच, आणि 'सुवार्ता' मासिकाचे कितीतरी वर्षं संपादक. २०२४ मध्ये ते गेले. पुस्तक जाड आहे हे खरं, पण ते सलग वाचायचं नाहीच. मुलाने जो भाग विचारला तो उघडायचा. मराठी साहित्यात मुरलेल्या माणसाने लिहिलंय, त्यामुळे वाचताना अडखळायला होत नाही.

पाखाडी, आता तुमच्या कपाटाबद्दल.

कॅथलिक मुलांच्या हातात आधी 'देई व्हर्बुम' द्या. दुसऱ्या व्हॅटिकन परिषदेने १८ नोव्हेंबर १९६५ ला काढलेला दस्तऐवज, लहानसा आहे. तुम्ही फळ्यावर जे केलंत, ते त्याच्या बाराव्या कलमात सांगितलंय: लेखकाला काय म्हणायचं होतं ते शोधा, त्यासाठी त्याच्या काळातले लिहिण्याचे प्रकार ओळखा, इतिहास, भविष्यवाणी, काव्य. अकरावं कलम म्हणतं, देवाला आपल्या तारणासाठी जे सत्य लिहून ठेवायचं होतं ते शास्त्र बिनचूक शिकवतं. 'तारणासाठी' हे शब्द मुलांना अधोरेखित करायला सांगा. उत्पत्तीचा पहिला अध्याय आणि विज्ञानाचं पुस्तक यांची झुंज लावणारे दोन्हीकडचे लोक नेमके हेच विसरतात.

रेमंड ब्राउन हे कॅथलिक धर्मगुरू आणि योहानाच्या शुभवर्तमानाचे मोठे भाष्यकार. बायबलवरच्या १०१ प्रश्नांना उत्तरं देणारं त्यांचं पुस्तक १९९० चं. तुमच्या वहीसारखंच, प्रश्न आणि उत्तर. काही उत्तरं आपल्या घरच्या समजुतींना धक्का देतात, तेव्हा आधी तुम्ही वाचा आणि मग वर्गात न्या.

सात पुस्तकांचा प्रश्न भांडण न करता सांगता येतो. आपली ७३, प्रॉटेस्टंट बंधूंची ६६. ती सात पुस्तकं येशूच्या आधीपासून ग्रीक बोलणाऱ्या यहुद्यांत वाचली जात होती, आणि सुरुवातीच्या ख्रिस्ती लोकांनी बहुतेक तोच ग्रीक जुना करार वापरला. हिब्रू यादीत ती नाहीत, म्हणून बायबल लॅटिनमध्ये आणणाऱ्या जेरोमच्या काळातही त्यांच्याविषयी मतभेद होते. कॅथलिक चर्चच्या ट्रेंटच्या परिषदेने १५४६ साली यादीवर शिक्का मारला. १६११ च्या किंग जेम्स बायबलातही ही पुस्तकं वेगळ्या विभागात छापलेली होती. म्हणजे 'घुसवली' आणि 'काढून टाकली' हे दोन्ही शब्द चुकीचे. आत्याला एवढं कळलं तरी घरात जेवताना शांतता राहील.

शेवटचं, आणि मला सगळ्यात जवळचं. फादर थॉमस स्टीफन्स यांचं 'क्रिस्तपुराण', १६१६ साली गोव्यात राचोलला छापलेलं, सुमारे अकरा हजार ओव्यांचं. शाळेच्या पुस्तकातल्या मराठीच्या स्तुतीच्या ओव्यांपलीकडे आपण त्याच्याकडे वळत नाही. पण त्याची बांधणी बघा. गोव्याच्या साष्टीतले नवे ख्रिस्ती समोर बसलेत, पाद्री गुरू कथा सांगतोय, आणि श्रोते मध्येच शंका काढतात. मग गुरू थांबून उत्तर देतो आणि कथा पुढे नेतो. आधी जुना करार, नंतर नवा. शंका घेणारा श्रोता त्या ग्रंथात मानाने बसलेला आहे. चारशे वर्षांपूर्वी याच किनाऱ्यावर समजावणं आणि बाजू मांडणं एकाच बैठकीत, आपल्या भाषेत चालू होतं. ते कपाटात नसेल तर बाकीच्या यादीला काय अर्थ?

---

गलबत (हर्णे)

वाचनखूण साठवली. कपाट भिंतीला टेकवू नका, वीतभर पुढे ओढा. आमच्याकडे एका पावसाळ्यात मागची फळी ओल धरून अख्खा खालचा कप्पा गेला. कडुनिंबाचा पाला ठेवला तरी ऊन पडलं की पुस्तकं उघडून वाळवावीच लागतात.

---

कातळ (मूळ देवगड, सध्या पुणे)

मी कॅथलिक घरातला, पण गेली काही वर्षं चर्चला जात नाही. धागा चांगला चाललाय म्हणून लिहितो. कुणाला दुखवायचा हेतू नाही.

माझ्या हातात कॉलेजमध्ये ली स्ट्रोबेल यांचं 'द केस फॉर क्राइस्ट' दिलं होतं, १९९८ चं. शिकागो ट्रिब्यूनचा कायद्याच्या बातम्या बघणारा पत्रकार तज्ज्ञांना भेटतो, उलटतपासणी घेतो आणि विश्वासापर्यंत पोचतो. वाचायला वेगवान. पण कोर्ट म्हणवताना दुसऱ्या बाजूचे साक्षीदार बोलावलेलेच नाहीत. तेरा अभ्यासक, सगळे विश्वासाच्या बाजूचे. हे माझ्या लक्षात आलं तेव्हा फसवल्यासारखं वाटलं, आणि त्या पुस्तकातलं जे खरं होतं तेही मी फेकून दिलं.

मग बार्ट अर्मन यांचं २००५ चं 'मिसकोटिंग जीझस' वाचलं. मार्कचं शुभवर्तमान सगळ्यात जुन्या दोन मोठ्या हस्तलिखितांत, सिनाय आणि व्हॅटिकनच्या, १६:८ ला संपतं. स्त्रिया कबरीपासून पळाल्या, घाबरल्या होत्या, बस. त्यानंतरच्या बारा ओव्या तिथे नाहीत. व्यभिचारात धरलेल्या स्त्रीची गोष्टही योहानाच्या जुन्या प्रतींत नाही. हे मला चर्चमध्ये कुणी कधी सांगितलं नव्हतं.

आणखी एक. बाजू मांडणारी पुस्तकं मृत समुद्राजवळच्या कुमरानच्या गुहांतल्या यशयाच्या गुंडाळीबद्दल भरभरून लिहितात: १९४७ साली सापडली, सात मीटरहून लांब, आधीच्या हिब्रू प्रतींपेक्षा सुमारे हजार वर्षं जुनी, आणि मजकूर बराचसा तोच. खरंय. पण त्याच गुहांत यिर्मयाच्या दोन वेगळ्या घडणीचे तुकडे मिळाले, एक लांब, एक आखूड. ग्रीक यिर्मया हिब्रूपेक्षा सुमारे एक अष्टमांशाने लहान आहे. यशया सांगून यिर्मया लपवणारं पुस्तक मुलांना देऊ नका. ती मोठी होऊन पुण्यात येतील आणि कुणीतरी त्यांना यिर्मया दाखवेल.

---

पाखाडी (वेंगुर्ला)

कातळदादा, तुम्ही लिहिलंत ते फार बरं झालं. या धाग्यात मला हेच कुणाकडून तरी हवं होतं.

तुमच्या मुद्द्यावरून मी यादीला एक कसोटी लावणार आहे: विरोधकाचं म्हणणं ज्या पुस्तकात पूर्ण ताकदीने मांडलेलं नाही, ते कपाटात येणार नाही. ही कसोटी नवी नाही. दुसऱ्या शतकात सेल्सस नावाच्या तत्त्वज्ञाने ख्रिस्ती धर्मावर कडक पुस्तक लिहिलं. ओरिजेन या ख्रिस्ती अभ्यासकाने २४८ च्या सुमारास त्याला उत्तर दिलं, आणि उत्तर देताना सेल्ससचे परिच्छेदच्या परिच्छेद उतरवून घेतले. सेल्ससचं मूळ पुस्तक आज नाही. त्याचं बरंचसं म्हणणं आपल्याला माहीत आहे ते ओरिजेनमुळे. विरोधकाला इतकं जागेवर ठेवून उत्तर देणारा माणूस आपल्या परंपरेच्या सुरुवातीलाच आहे.

मार्कच्या शेवटाबद्दल: हे मी वर्गात सांगतो, आणि पुढेही सांगणार. आता एक गोष्ट बघा. स्ट्रोबेल यांनी मुलाखत घेतलेल्यांत प्रिन्स्टनचे ब्रूस मेट्झर आहेत. तुमचे अर्मन त्याच मेट्झरांचे विद्यार्थी, आणि नव्या कराराच्या हस्तलिखितांवरच्या गुरूच्या पाठ्यपुस्तकाची चौथी आवृत्ती दोघांच्या नावावर निघाली, तीही २००५ सालीच. हस्तलिखितं तीच, पाठभेद तेच. एकाचा विश्वास टिकला, दुसऱ्याचा नाही. म्हणून मी मुलांना सांगतो की पाठभेद लपवायची गरज नाही, आणि ते ऐकून हादरायचीही नाही. मँचेस्टरच्या ग्रंथालयात योहानाच्या अठराव्या अध्यायाचा तळहाताहून लहान तुकडा आहे, सर्वसाधारणपणे दुसऱ्या शतकातला मानला जाणारा. ग्रीक हस्तलिखितं पाच हजारांहून जास्त आहेत, पण त्यातली बहुतेक मध्ययुगातली, हेही त्याच दमात सांगायचं. एवढ्या प्रती वेगवेगळ्या गावांत पसरलेल्या असल्यामुळेच कुठे काय वाढलं ते आज दिसतं. मार्कच्या शेवटाचं आपल्याला कळलं तेही असंच.

स्ट्रोबेल ठेवू. पण शेजारी अर्मन ठेवू. फादरांशी मी बोलतो.

---

उधाण (अलिबाग)

मी हिंदू, इतिहासाचा वाचक. तुमच्या वहीतल्या काकींच्या बाजूने चार शब्द लिहितो.

हा वाद आपल्या किनाऱ्याला नवा नाही. स्कॉटिश मिशनरी १८२३ साली बाणकोटला आले आणि शाळा काढल्या. जॉन विल्सन १८२९ मध्ये आले तेव्हा मराठी शिकायला हर्णेला राहिले होते, गलबत यांच्या गावी. पुढे मुंबईत मोरभट दांडेकरांनी हिंदू धर्माच्या बाजूने पुस्तक लिहिलं, तेव्हा विल्सन यांनी १८३२ साली उत्तर छापलं आणि त्याच्या आधी मोरभटांच्या पुस्तकाचा इंग्रजी अनुवाद जोडला. पाखाडींच्या कसोटीला ते उतरतं. पण विल्सन यांचा सूर वाचवत नाही. समोरच्याचं म्हणणं पूर्ण छापून त्याचा अपमान करता येतो, याचं ते उदाहरण आहे.

१८५७ साली आमच्या जिल्ह्यातले, शिरवलीचे विष्णुबावा ब्रह्मचारी मुंबईच्या समुद्रकिनाऱ्यावर मिशनऱ्यांशी आठवड्यामागून आठवडे वाद करत होते, जानेवारीपासून मेपर्यंत. लोक गर्दी करून ऐकायचे. तो वाद दोन्ही बाजूंनी छापला: जॉर्ज बोवेन यांनी इंग्रजीत, आणि 'समुद्रकिनारीचा वादविवाद' म्हणून मराठीत. दोन्ही शेजारी ठेवून वाचले की कळतं, ज्याने त्याने आपलाच विजय नोंदवलाय. मुलांना हे जरूर दाखवा.

काकींचा प्रश्न मात्र वादाचा नसतो हो. गणपतीला तुमची मुलं आमच्याकडे येतात, नाताळात आम्ही करंज्या आणि केक खायला तुमच्याकडे. अशा घरातली बाई विचारते तेव्हा तिला हरवायचं नसतं. तिला जाणून घ्यायचं असतं की ही मुलं आपल्याला कोण समजतात. याला कुठलं पुस्तक?

---

सड्यावरची (रत्नागिरी)

उधाण दादा, तुमचं लिहिणं मी दोनदा वाचलं.

पेत्राच्या पहिल्या पत्रात तिसऱ्या अध्यायाचं पंधरावं वचन आहे, ज्यावर ही सगळी पुस्तकं उभी आहेत. तुमच्या ठायी जी आशा आहे तिच्याबद्दल विचारणाऱ्या प्रत्येकाला उत्तर द्यायला तयार असा. पुस्तकं इथे थांबतात. वचन पुढे सांगतं, ते सौम्यतेने आणि आदराने द्या. आणि मुळात ते विचारणाऱ्याला द्यायचं उत्तर आहे. कुणी विचारलंच नाही तर चौकात उभं राहून द्यायचं नाही.

नारायण वामन टिळक रत्नागिरी जिल्ह्यातल्या करजगावचे. आगगाडीत एका अनोळखी युरोपियनाने त्यांना नवा करार दिला. ते वाचत गेले आणि डोंगरावरच्या प्रवचनापाशी आले, तिथे ते अडकले. १८९५ मध्ये त्यांचा बाप्तिस्मा झाला. वाद घालण्यात ते कुणाला हार जाणारे नव्हते. त्यांना हलवलं ते मत्तयाच्या पाचव्या, सहाव्या, सातव्या अध्यायाने. काकींना द्यायचं असेल तर हे तीन अध्याय द्यावेत, तेही त्यांनी मागितले तर.

आता यहोशवा. यावर कुणी लिहिलं नाही म्हणून लिहिते, कारण वहीतला सगळ्यात कठीण प्रश्न तोच आहे. पॉल कोपन यांचं २०११ चं 'इज गॉड अ मॉरल मॉन्स्टर?' त्यावर आहे. त्यांचा एक मुद्दा असा: त्या काळी युद्धाचं वर्णन अतिशयोक्तीने करायची रीतच होती. यहोशवा १० म्हणतं, श्वास घेणारं कुणी उरलं नाही. पण शास्ते १ उघडा, तेच कनानी लोक गावोगाव राहताहेत. मिसरच्या मेर्नेप्ताह राजाचा ख्रिस्तपूर्व १२०८ च्या सुमाराचा शिलालेख कैरोला आहे. त्यात इस्राएलचं बीज उरलं नाही अशी बढाई आहे, आणि इस्राएलचा बायबलबाहेरचा सगळ्यात जुना उल्लेख तोच. बीज उरलं नाही म्हणणाऱ्या दगडानेच ते होतं याची साक्ष दिली. हे मुलींना सांगितलं की त्या ताठ बसतात.

पण तेवढ्याने माझं समाधान होत नाही. शब्द अतिशयोक्तीचे धरले तरी आज्ञा राहतेच. मी गटात एवढंच म्हणते की येशूने स्वतः शमरोन्यांवर आकाशातून अग्नी पाडायचं शिष्यांचं म्हणणं धमकावून गप्प केलं, लूक ९. मी यहोशवा त्या ओळीच्या उजेडात वाचते. ज्या पुस्तकात हा प्रश्न पानभरात निकालात काढलाय, ते घेऊ नका.

चार शुभवर्तमानांसाठी रिचर्ड बॉकहॅम यांचं 'जीझस अँड द आयविटनेसेस', २००६ चं. मुलांना ते जड जाईल, पण पाखाडींनी वाचावं. त्यातलं नावांचं प्रकरण फार सुंदर आहे. त्या काळच्या पॅलेस्टाइनमधल्या यहुद्यांची नावं कबरींवरून आणि कागदपत्रांवरून गोळा केली, तर शिमोन आणि योसेफ सगळ्यात जास्त. शुभवर्तमानांतही प्रमाण तसंच. म्हणून तर तिथे शिमोन पेत्र, शिमोन कनानी, कुष्ठरोगी शिमोन, कुरेनेकर शिमोन अशी जोड द्यावी लागते. मिसरमधल्या यहुद्यांत नावांची चाल वेगळी होती. वेंगुर्ल्याच्या जुन्या पिढीत पास्कू, इनास, सांतान किती आणि कोण कुठल्या वाडीतला हे मुंबईत बसून कुणी कल्पनेने जुळवू शकणार नाही, तसंच हे. यातून सगळं सिद्ध होत नाही. पण सांगणारे त्या मातीतले होते, एवढं नक्की कळतं.

---

कातळ

नावांचा मुद्दा मला माहीत नव्हता. त्यावरचे आक्षेपही शोधून वाचतो. आणि मेट्झर-अर्मन यांचं गुरुशिष्याचं नातं ठाऊक होतं, पण त्याकडे असं पाहिलं नव्हतं.

पाखाडी, लूकच्या जनगणनेचं वर्गात काय सांगता? लूक म्हणतो, येशू जन्मला तो क्विरीनिय सुरियाचा सुभेदार असतानाच्या शिरगणतीत. ती शिरगणती इ. स. ६ ची. ज्याच्या काळात येशू जन्मला म्हणतात तो हेरोद राजा तर ख्रिस्तपूर्व ४ मध्ये वारलेला.

---

पाखाडी (वेंगुर्ला)

हेच सांगतो, याच आकड्यांसह. मग म्हणतो की काही अभ्यासक लूकचं वाक्य 'त्या शिरगणतीच्या आधी' असं लावतात, काही आधीची एखादी नोंदणी मानतात, आणि ब्राउनसारखे धर्मगुरू असलेले अभ्यासक सरळ म्हणतात की लूककडे इथे गोंधळ झालाय. तिन्ही मतांचे लोक रविवारी मिस्साला असतात. मुलांनी तिन्ही ऐकावीत.

उधाण, काकींच्या प्रश्नावर माझ्याकडे त्याच दुसऱ्या व्हॅटिकन परिषदेचा एकच छोटा दस्तऐवज आहे, 'नोस्त्रा एताते', २८ ऑक्टोबर १९६५. इतर धर्मांत जे सत्य आणि पवित्र आहे त्यातलं काहीही ख्रिस्तसभा नाकारत नाही, असं त्यात स्पष्ट आहे. येशू हाच मार्ग, हेही त्याच परिच्छेदात ती सांगते. दोन्ही वाक्यं एकत्र धरून जगायचं, काकींपासून एकही लपवायचं नाही. मुलांना मी हे शिकवतो. दोन वाक्यांत ताण आहे, तो मला मान्य आहे.

फादरांशी बोलणं झालं. पहिल्या खेपेला हे घेतोय: 'सुबोध बायबल' दोन प्रती, कारण एक कायम बाहेर असेल. फी-स्टुअर्ट, ब्राउनची प्रश्नोत्तरं, ब्रूस, 'देई व्हर्बुम', 'साउथ एशिया बायबल कॉमेंटरी' आणि 'क्रिस्तपुराण'. मग पैसे उरले तर बॉकहॅम आणि कोपन. स्ट्रोबेल आहेच, त्याच्या शेजारी अर्मन येईल, फादर हो म्हणाले. मॅकडॉवेल संदर्भाला राहील, वर्गात वाचायला नाही. दर महिन्याला इंग्रजी पुस्तकाच्या एका प्रकरणाचा मराठीत दोन पानी सारांश वर्गातलीच मुलं लिहून काढतील आणि तो नोटीस बोर्डावर लागेल. सड्यावरच्या ताईंनी तपासून द्यायचं कबूल केलंय, त्यांना मी आजच फोन केला होता.

---

खाडीकाठ (मालवण)

ता सारांश माका व्हॉट्सअॅपार धाडशात काय? आणि झिलाक पयला खयचा वाचूक सांगू?

---

पाखाडी (वेंगुर्ला)

नक्की पाठवतो, ताई. त्याला मार्कचं शुभवर्तमान द्या, सगळं एकदम, १६:८ पर्यंत. सगळ्यात छोटं तेच आहे, दोनेक तासांत मोठ्याने वाचून होतं. तुम्हीही त्याच्याबरोबर बसा. नंतर तो जे विचारेल ते लिहून मला पाठवा, आमच्या वहीत त्याचा प्रश्न चढवतो.